शेऱ्याचा रकाना

१९७६ चा जानेवारी. मी एकवीस वर्षांची, लिपिक-टंकलेखक म्हणून लागून आठ महिने झालेले. जिल्ह्याच्या ठिकाणचं सरकारी ऑफिस. भिंतीवर ‘बातें कम, काम ज्यादा’ची पाटी आणि साडेदहाच्या ठोक्याला झाडून सगळे खुर्चीत. एरवी अकराला चहा उरकून येणारी मंडळीसुद्धा. आणीबाणीचं कौतुक करणारे अजूनही हेच सांगतात की, लोक वेळेवर यायचे. यायचे, हे खरं आहे.

एका दुपारी भाऊसाहेबांनी, म्हणजे आमच्या हेडक्लार्कनी, आत बोलावलं. “दार लोटून घे.” टेबलावर लाखेचा लखोटा, त्याच्या आत आणखी एक लखोटा, त्यात हातानं लिहिलेला तक्ता. पाच प्रती काढायच्या, कार्बन नवे घालायचे आणि काम झाल्यावर कार्बन त्यांच्याकडे परत द्यायचे. कार्बन परत मागितलेले मी नोकरीत तेव्हाच पाहिले.

तक्त्याला सहा रकाने होते. अनुक्रमांक, नाव, हुद्दा, बंदी घातलेल्या संघटनेशी संबंध, माहितीचा आधार, शेरा. संघ, जमाते इस्लामी, आनंद मार्ग वगैरेंवर ४ जुलै १९७५ ला बंदी आली होती, त्याचं हे शेपूट. अकरा नावं होती. ‘माहितीचा आधार’ या रकान्यात पहिल्या नावापुढे ‘खात्रीलायक सूत्र’ आणि खाली दहा वेळा ‘सदर’. शेऱ्यात कुठे ‘लक्ष ठेवावे’, कुठे ‘संशयास्पद’.

तिसरं नाव आवक-जावकच्या अण्णांचं होतं.

अण्णा राष्ट्र सेवा दलातले. चोवीस डिसेंबरला, साने गुरुजींच्या जयंतीला, डब्यातून गूळ-शेंगदाणे आणायचे आणि शिपायापासून साहेबांपर्यंत सगळ्यांच्या हातावर ठेवायचे. त्यांच्या नावापुढे लिहिलं होतं, ‘राष्ट्रीय सेवा संघाशी निकटचा संबंध’. कुणा हवालदारानं ‘राष्ट्र’ ऐकलं, ‘सेवा’ ऐकलं आणि पुढचं आपल्या मनानं घातलं. या नावाची संघटना बंदीच्या यादीतच नव्हती.

मी भाऊसाहेबांना म्हटलं, “हे चुकलंय. अण्णा सेवा दलाचे.”

त्यांनी चष्मा काढून पुसला. “अगं, मसुद्यात आहे तसं टाईप कर. आपण दुरुस्ती करणारे कोण? आणि समाजवादी काय कमी आत गेलेत?”

मी टाईप केलं. माझ्या रेमिंग्टनचा ‘ष’ जरा खाली पडायचा, त्यामुळे ‘राष्ट्रीय’ हा शब्द मधेच पाय घसरल्यासारखा दिसायचा. हे मुद्दाम सांगतेय, पुढे लागणार आहे.

बोलले का नाही, याचं उत्तर सरळ आहे. माझा स्वतःचा साक्षांकन नमुना तेव्हा पोलिसांकडे होता. चारित्र्य व पूर्वचारित्र्य पडताळणी व्हायची होती, मी अजून कायम नव्हते आणि घरी दोन धाकटे भाऊ शिकत होते. माझ्याबद्दलही कुठेतरी कुणीतरी असाच एक रकाना भरत असणार, असं रात्री वाटायचं.

एप्रिलमध्ये अण्णांचा दक्षतारोध, म्हणजे पगाराच्या वाटेवरचा तपासणीचा टप्पा होता. तो पार झाल्याशिवाय पुढची वेतनवाढ नाही. फाइल हलेना. दर सोमवारी अण्णा माझ्या टेबलाशी यायचे. “काय गं, माझी नस्ती कुठं अडकली?” मी म्हणायची, “बघते, अण्णा.” मार्च ७७ मध्ये आणीबाणी उठली, सरकार बदललं, तरी अण्णांची वेतनवाढ सुटायला आणखी दोन वर्षं गेली, आणि ती मागील तारखेपासून मिळाली नाही. कारण कुणी लेखी दिलं नाही. तोंडीही नाही.

निवृत्त झाल्यावर मी या विषयावर मिळेल ते वाचत गेले. अमेरिकेत राष्ट्राध्यक्ष ट्रुमन यांनी मार्च १९४७ मध्ये केंद्राच्या सगळ्या नोकरांची निष्ठा तपासायचा हुकूम काढला, तेव्हा डोरोथी बेली नावाची एक बाई त्यात सापडली. कम्युनिस्ट असल्याचा आरोप. माहिती देणारे कोण, हे तिला सांगितलं नाहीच. सुनावणी घेणाऱ्या मंडळालासुद्धा ती नावं ठाऊक नव्हती. प्रकरण सुप्रीम कोर्टात गेलं, १९५१ मध्ये न्यायाधीश चार विरुद्ध चार असे विभागले गेले आणि तिची नोकरी गेली ती गेलीच. वाचताना मला आधी राग आला, मग हेवा वाटला. तिला निदान समोर बसवून विचारलं तरी! अण्णांना आपल्यावर आरोप आहे हेच माहीत नव्हतं.

आपल्याकडेही आणीबाणी उठली म्हणून हे थांबलं, किंवा आणीबाणीतच सुरू झालं, असं नाही. सरकारी नोकरांनी संघ आणि जमातेच्या कामात भाग घेऊ नये, हे केंद्राचं परिपत्रक ३० नोव्हेंबर १९६६ चं, १९७० आणि १९८० मध्ये पुन्हा बजावलेलं. त्यातलं संघाचं नाव जुलै २०२४ मध्ये काढलं. राज्याच्या सुरक्षेचं कारण देऊन चौकशीशिवाय बडतर्फ करता येतं, ती तरतूद तर घटनेच्या ३११ व्या कलमातच आहे. मध्य प्रदेशातल्या एका शिक्षकाला पोलीस अहवालात संघ-जनसंघाच्या कामाचा उल्लेख आला म्हणून १९७४ मध्ये कमी केलं होतं. ते प्रकरण १९८३ मध्ये सुप्रीम कोर्टात निकाली निघालं, आणि न्या. चिन्नप्पा रेड्डींनी सरकारला चांगलं खडसावलं. भारत हे पोलिसी राज्य नाही, असं त्या निकालात आहे. मी तो दोनदा वाचला. पण तिथं निदान पोलीस अहवाल कोर्टापुढे आला होता.

आमचा कागद कुठे आला नाही, कारण तो मीच फाडला.

१९९४ मध्ये अभिलेखांचं वर्गीकरण निघालं. अ म्हणजे कायम ठेवायचे, ड म्हणजे वर्षभरानं नष्ट करायचे. गठ्ठे सोडता सोडता एका पातळ कागदावर खाली घसरलेला ‘ष’ दिसला. पाचवी प्रत, अक्षरं पुसट, पण तिसरं नाव वाचता येत होतं. गोपनीय कागद इथे कसा आला, हे मी वर विचारायला हवं होतं. मी आजूबाजूला पाहिलं आणि तो ड च्या ढिगात घातला. संध्याकाळी शिपायाबरोबर उभं राहून तो ढीग फाडून घेतला. अण्णांच्या नावावरचा डाग गेला, असं वाटून त्या दिवशी मी घरी जाताना जिलबी नेली होती.

माहिती अधिकार आल्यावर, २००६ मध्ये, अण्णा काठी टेकत घरी आले. सत्तरी ओलांडलेली. त्यांनी अर्ज केला होता की, १९७६ मध्ये माझा दक्षतारोध कोणत्या कारणानं रोखला, त्याची कागदपत्रं द्यावीत. दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावून. उत्तर आलं होतं, ते दाखवायला आले होते.

एकच ओळ. ‘सदर अभिलेख या कार्यालयात उपलब्ध नाही.’

“तू आस्थापनेत होतीस ना गं,” अण्णा म्हणाले, “कुठं गेला असेल कागद?”

मी चहा टाकायला आत गेले.

अण्णा २०११ मध्ये गेले.