नाशिकची निगमसभा आणि राजीव गांधी भवन

कुठल्याही नव्या गावात गेलो की मी आधी नगरपालिकेची इमारत शोधतो. देऊळ, घाट, किल्ला नंतर. घरी ही खोड सगळ्यांच्या अंगवळणी पडली आहे. बायको सरळ सांगते, "तू तुझ्या पालिकेत जा, आम्ही बाजारात आहोत." मुंबईत सीएसएमटीसमोरची एफ. डब्ल्यू. स्टीव्हन्सची १८९३ सालची महापालिका तर वाटेतच उभी असते. सोलापूरच्या पालिकेवर ६ एप्रिल १९३० ला, इंग्रज राज्यात, तिरंगा चढला होता. त्यासाठी तिथेही वाट वाकडी करून गेलो होतो. नाशिक मात्र राहिलं होतं. इतक्या वेळा रामकुंडावर जाऊनही शरणपूर रोडकडे पाय वळले नव्हते.

मग तिथल्या एका मित्राने फोन केला. तो कॉलेजात इतिहास शिकवतो. म्हणाला, "तुला पालिकाच बघायची ना? मग पांडवलेण्यापासून सुरुवात कर. दोन हजार वर्षांपूर्वीची आहे."

सकाळच्या तपोवन एक्सप्रेसने निघालो. नाशिकरोडला उतरल्यावर खरं गाव अजून आठ-नऊ किलोमीटर लांब असतं, हे पहिल्यांदा येणाऱ्याला कळत नाही. सिटीलिंकच्या बसने द्वारका चौकापर्यंत आलो. ही शहर बससेवा २०२१ मध्ये महापालिकेनेच सुरू केली, त्यामुळे पालिका बघायला पालिकेच्याच बसने, असा योग जुळला. द्वारकेला मित्र स्कूटर घेऊन थांबला होता. सिंहस्थ २०२७ मध्ये आहे आणि त्याची कामं सगळीकडे निघाली आहेत. मुंबई नाका ओलांडून हायवेने लेण्यांच्या पायथ्याशी जाईपर्यंत निम्मा वेळ बॅरिकेड चुकवण्यात गेला.

त्रिरश्मी डोंगरावर एकूण २४ लेणी आहेत. पायऱ्या चढताना दम लागतो, पण सकाळी व्यायामाला आलेले नाशिककर आजी-आजोबा गप्पा मारत आपल्या पुढे निघून जातात, त्यामुळे थांबायची लाज वाटते. मित्र थेट दहाव्या लेण्यात घेऊन गेला. व्हरांड्यात ब्राह्मी अक्षरांच्या ओळी आहेत. क्षहरात घराण्याचा राजा, क्षत्रप नहपान याचा जावई उषवदात याचा हा लेख. दानाचा लेख म्हटल्यावर पुण्य, स्वर्ग, राजाची थोरवी असं काही अपेक्षित असतं. तेही आहेच. पण या लेखाचा मोठा भाग चक्क मुदत ठेवीचा कागद आहे.

उषवदाताने लेणं भिक्षुसंघाला दिलं आणि त्याच्या खर्चासाठी ३,००० कार्षापण, म्हणजे तेव्हाची नाणी, गोवर्धनच्या श्रेणींकडे ठेवले. श्रेणी म्हणजे कारागिरांचे संघ. गोवर्धन हे तेव्हाचं इथलं मुख्य ठाणं. २,००० कार्षापण विणकरांच्या एका श्रेणीकडे, महिना शेकडा एक व्याजाने. उरलेले १,००० दुसऱ्या विणकर श्रेणीकडे, शेकडा पाऊण टक्क्याने. मुद्दल परत मागायचं नाही, फक्त व्याज वापरायचं. पावसाळ्यात लेण्यात राहणाऱ्या वीस भिक्षूंना चीवरासाठी, म्हणजे अंगावरच्या वस्त्रासाठी, प्रत्येकी १२ कार्षापण. मी तिथेच मोबाइलवर हिशेब केला: २,००० चं वर्षाचं व्याज २४०, आणि वीस गुणिले बारा २४०. पैशाचाही फरक नाही.

आणि मग ती ओळ, जिच्यासाठी मित्राने मला बोलावलं होतं: "एत च सर्व स्रावित निगमसभाय निबध च फलकवारे चरित्रतो ति." हे सगळं निगमसभेत ऐकवलं आणि रिवाजाप्रमाणे फलकवारात नोंदवलं. निगमसभा म्हणजे नगराची सभा, फलकवार म्हणजे तिचं दप्तर.

मी बराच वेळ तिथे उभा राहिलो. राजाचा जावई आहे, हातात सत्ता आहे, पैसे स्वतःचे आहेत. तरी गावाच्या सभेपुढे वाचून दाखवल्याशिवाय आणि दप्तरात चढवल्याशिवाय व्यवहार पक्का झाला असं त्याला वाटलं नाही. शिवाय सभेत ऐकवलं ही गोष्टही दगडात कोरून ठेवावीशी वाटली. निगमसभेची इमारत कशी होती, कुठे होती, याचा दगड काही मागे राहिलेला नाही. तिचं काम काय होतं ते मात्र उरलं आहे.

तिसऱ्या लेण्यात याहून गमतीचा कागद आहे. नहपानाचा पाडाव करून गौतमीपुत्र सातकर्णीने हा मुलूख घेतला आणि भिक्षूंना शेत दिलं. त्याच्या राज्याच्या २४व्या वर्षी गोवर्धनचा अमात्य श्यामक याला पुन्हा आज्ञा गेली: आधी दिलेलं शेत कुणी कसत नाही, ते गावही वसत नाही, तेव्हा नगराच्या सीमेवरच्या राजाच्या मालकीच्या शेतातून शंभर निवर्तनं (जमिनीचं तेव्हाचं माप) द्या. म्हणजे जमीन मंजूर झाली, ताबाही कागदोपत्री मिळाला, प्रत्यक्षात तिथे काहीच पिकत नव्हतं. मग तक्रार, मग पर्यायी जमीन, मग नवा आदेश. "शुद्धिपत्रक काढलंय बघ राजाने," मित्र म्हणाला. सातबारा घेऊन तहसीलच्या बाकावर बसलेल्या कुठल्याही माणसाला ही गोष्ट समजावून सांगावी लागणार नाही. मला तरी सातवाहन त्या दिवसापासून फार जवळचे वाटायला लागले.

खाली उतरून मिसळ खाल्ली. काळ्या रश्शाची, सोबत पापड आणि दही. इथे यावर जास्त लिहीत नाही, नाहीतर पोस्ट मिसळीचीच होईल.

दुपारी जुन्या गावात. सराफ बाजाराच्या गर्दीत पेशवेकालीन सरकारवाडा आहे. सध्या पुरातत्त्व खात्याच्या ताब्यात. पेशवाईत सत्ता इथून चाले. लाकडी खांब, भक्कम बांधणी, सगळं देखणं आहे, पण मला हवं ते इथे नव्हतं. वाड्यात हुकूम निघतात, रयत अर्ज घेऊन येते. समोरासमोर बसून भांडण्याची सोय वाड्यात नसते.

ती सोय नाशिकला निदान कागदावर १८६४ मध्ये आली, नगरपालिका स्थापन झाली तेव्हा. जुन्या नगरपालिकेची जागा मेनरोडवर आहे. आता तिथे महापालिकेचं पूर्व विभागीय कार्यालय भरतं. मेनरोडला उभं राहून एखादी इमारत निवांत न्याहाळणं हा वेडेपणा आहे. मागून हातगाडी, पुढून दुचाकी, बाजूला कपड्यांचे ढीग आणि "बोला दादा, काय दाखवू?" पण जागा पटली. पालिका बाजाराच्या मधोमध असावी. भाजी घेता घेता जन्माचा दाखला घेता आला पाहिजे.

नगरपालिकेची महापालिका झाली ७ नोव्हेंबर १९८२ ला. नाशिकबरोबर नाशिकरोड-देवळाली आणि सातपूर या पालिका आणि आजूबाजूची गावं एकत्र आली. नाशिककरांच्याही फारशी लक्षात नसलेली गोष्ट अशी, की ही महापालिका जन्मली तीच प्रशासकाच्या हाताखाली. पहिली निवडणूक व्हायला १९९२ उजाडलं. शांतारामबापू वावरे तेव्हा पहिले महापौर झाले. पुढे मार्च २०२२ मध्ये सभागृहाची मुदत संपली आणि पुन्हा प्रशासक आले ते थेट जानेवारी २०२६ च्या निवडणुकीपर्यंत. २०११ च्या जनगणनेतच ज्या शहराची वस्ती १४ लाख ८६ हजार होती, त्या शहराला जवळपास चार वर्षं एकही नगरसेवक नव्हता.

राजीव गांधी भवन शरणपूर रोडवर, कॅनडा कॉर्नरजवळ आहे. या रस्त्यालाही एक विसरलेली गोष्ट आहे. शरणपूर ही ख्रिस्ती मिशनऱ्यांनी १८५४ मध्ये वसवलेली वस्ती. गुलामांच्या जहाजांवरून सोडवलेल्या आफ्रिकन मुलांना इथे शिकवत. त्यांच्यातलाच जेकब वेनराइट. १८७४ मध्ये आफ्रिकेचा शोधप्रवासी डेव्हिड लिव्हिंग्स्टनची शवपेटी इंग्लंडला पोचली, तेव्हा तो तिच्यासोबत होता. नाशिकच्या कुठल्याही पर्यटन फलकावर मला त्याचं नाव दिसलं नाही.

भवन बघायला म्हणून कुणी जाणार नाही. सरकारी इमारत असते तशी ती आहे: पार्किंगची झुंबड, लिफ्टसमोर रांग, कंत्राटदारांच्या गाड्या, फायली छातीशी धरलेले शिपाई. स्टीव्हन्सचा घुमट इथे नाही. पण मी प्रवेशद्वारापाशी तासभर उभा राहिलो आणि कंटाळलो नाही. गेटवरचे सुरक्षारक्षक येणाऱ्या प्रत्येकाला वाट सांगत होते. पाणीपट्टीचं बिल घेऊन आलेल्या आजींना ते म्हणाले, "मावशी, तुम्ही राहता पंचवटीत ना? मग तुमचं काम मखमलाबाद नाक्याच्या ऑफिसात होईल, इथवर यायची गरज नाही." शहराचे सहा विभाग आहेत: पूर्व, पश्चिम, पंचवटी, नाशिकरोड, सिडको आणि सातपूर. घरपट्टी, दाखले, पाण्याच्या तक्रारी तिकडेच उरकतात. मुख्यालयात लोक येतात ते मोठ्या साहेबांना भेटायला किंवा त्यांच्याविरुद्ध घोषणा द्यायला. ठिय्या, मोर्चा, रिकाम्या हंड्यांचं आंदोलन, सगळं याच गेटसमोर. २०१८ मध्ये तुकाराम मुंढे आयुक्त असताना त्यांनी उलटी वाट धरली होती. 'वॉक विथ कमिशनर' म्हणून सकाळी स्वतःच लोकांमध्ये जाऊन तक्रारी ऐकत. त्याच वर्षी करवाढीवरून त्यांच्यावर अविश्वास ठराव आणायची तयारीही झाली होती.

मला बघायचं होतं महासभेचं सभागृह. त्या दिवशी सभा नव्हती. रक्षक म्हणाले, "सभा असेल तेव्हा या, वर गॅलरीत बसून बघा." नगरसेवक एकूण १२२, त्यांत निम्म्या जागा महिलांच्या. तिजोरीची चावी १६ जणांच्या स्थायी समितीकडे. १९४९ च्या महापालिका कायद्यात सभा लोकांसाठी खुली ठेवली आहे, आणि इतिवृत्त ठरलेली फी भरून कुणालाही बघता येतं. उषवदाताच्या भाषेत, स्रावित आणि निबद्ध, म्हणजे ऐकवणं आणि नोंदवणं, दोन्हींची तरतूद आहे.

महासभा मुळात टीव्हीवर दिसते तशीच असते. गढूळ पाण्याच्या बाटल्या टेबलावर, गळ्यात फलक, महापौरांच्या आसनासमोर गर्दी. राजदंड पळवण्याचे प्रकार महाराष्ट्रातल्या महापालिकांना नवे नाहीत. शिकली सवरलेली माणसं हे बघून नाक मुरडतात. मित्रही त्यातलाच होता. "प्रशासक असताना निदान गोंधळ तरी नव्हता," तो म्हणाला.

माझं उलट मत झालं. प्रशासकाच्या काळात महासभेचे आणि स्थायीचे अधिकार एकाच माणसाकडे असतात. प्रस्ताव त्याच्याच कचेरीतून निघतो, मंजूरही तोच करतो. नोंद होते, आवक-जावक क्रमांक पडतो, फलकवार चोख चालतं. ऐकवणं तेवढं राहून जातं. माझ्या गल्लीतला रस्ता कुणी आणि का अडवला, हे भर सभेत ओरडून विचारणारा माणूस गॅलरीतून बघायला हास्यास्पद वाटेल, पण त्या ओरडण्यामुळेच गोष्ट इतिवृत्तात येते. जादा विषयांत गुपचूप घुसवलेला ठरावही कुणीतरी मोठ्याने वाच म्हटल्यावरच उघडा पडतो.

सभागृह बंद असताना नाशिककर गप्प बसले होते असंही नाही. नोव्हेंबर २०२५ मध्ये साधुग्रामसाठी, म्हणजे सिंहस्थात साधूंच्या मुक्कामाच्या जागेसाठी, तपोवनातली अठराशेच्या आसपास झाडं काढायचा प्रस्ताव आला. झाडांच्या १९७५ च्या कायद्याप्रमाणे त्यावर हरकती मागवाव्या लागतात. शेकड्यांनी हरकती आल्या, सुनावणीला लोक गर्दीने गेले आणि तिथेही पुरेसा आरडाओरडा झाला. मित्राने स्वतः हरकत दाखल केली होती. "म्हणजे गोंधळात तूही होतास," मी म्हटलं. तो हसला आणि त्याने स्कूटर सीबीएसकडे, म्हणजे मध्यवर्ती बस स्थानकाकडे, वळवली.

कारण या शहराची खरी बोलायची जागा तिथे आहे. हुतात्मा स्मारकात कुठल्या ना कुठल्या संघटनेची बैठक असतेच. आम्ही गेलो तेव्हा घरकामगार बायकांची सभा चालू होती, खुर्च्या संपून सतरंजी अंथरली होती. टिळक पथावरचं सार्वजनिक वाचनालय, नाशिककरांचं 'सावाना', १८४० पासून आहे, म्हणजे नगरपालिकेहून २४ वर्षांनी थोरलं. तिथल्या निवडणुका महापालिकेइतक्याच चुरशीने लढवतात म्हणे, आणि मला ते चांगलं लक्षण वाटतं. शालिमारचं महाकवी कालिदास कलामंदिर महापालिकेचं. भाभानगरात पालिकेचंच दादासाहेब गायकवाड सभागृह आहे. दादासाहेब हे २ मार्च १९३० ला सुरू झालेल्या काळाराम मंदिर सत्याग्रहातले डॉ. आंबेडकरांचे बिनीचे सहकारी. देवळाच्या दारात अडवलेल्या माणसाच्या नावाने आज शहराने सभागृह बांधलं आहे, आणि त्याचं भाडं कमी करा म्हणून संस्था अर्ज करत असतात.

कुणाला हीच वाट करायची असेल तर दोन-चार व्यवहाराच्या गोष्टी. कामाचाच दिवस निवडा; शनिवार-रविवारी मिसळीच्या दुकानांबाहेर रांग लागते आणि कचेऱ्या बंद असतात. लेण्यांत ऊन चढायच्या आधी जा आणि जमलं तर दहाव्या आणि तिसऱ्या लेण्यातल्या लेखांचा अनुवाद आधी वाचून जा, नाहीतर भिंतीवर नुसते ओरखडे दिसतील. मेनरोडला चालतच फिरा, गाडी नेऊ नका. महासभा बघायची असेल तर तारीख आदल्या दिवशी विचारून घ्या, कारण तहकूब व्हायला वेळ लागत नाही. मी पुढच्या सभेची तारीख विचारून ठेवली आहे. बायकोने त्या दिवशीची पैठणीची खरेदी येवल्याला ठरवली आहे.