गॉडझिलाचा कॅमेरामन

रविवार, रात्री उशिरा

१९५४ चा ‘गॉडझिला’ पुन्हा पाहिला. टोकियो जळतं ते ठीक, पण मला दरवेळी त्यानंतरचं इस्पितळच जास्त घाबरवतं. जमिनीवर ओळीनं निजवलेले जखमी, एका मुलाजवळ धरलेला गायगर काउंटर (किरणोत्सर्ग मोजणारं यंत्र), नकारार्थी मान हलवणारा डॉक्टर, आईला उचलून नेताना रडणारी पोर. राक्षस त्या प्रसंगात कुठेच नाही.

छायालेखन कुणाचं म्हणून पाहिलं, तर मासाओ तामाई. अरे, हा तर दिग्दर्शक मिकिओ नारुसेचा कॅमेरामन! मग तारखाच लावत बसले. जानेवारी १९५४ मध्ये नारुसेचा ‘यामा नो ओतो’, जूनमध्ये त्याचाच ‘बांगिकु’, नोव्हेंबरमध्ये ‘गॉडझिला’ आणि लगेच जानेवारी १९५५ मध्ये पुन्हा नारुसेचा ‘उकिगुमो’. ‘बांगिकु’त एकेकाळची गेशा व्याजानं पैसे देते आणि जुन्या मैत्रिणींच्या दारात वसुलीला जाते. अरुंद गल्ल्या, सरकती दारं, पैशांची ओढाताण. असल्या घरांमधून उठून हा माणूस गॉडझिलाच्या सेटवर गेला. एकटाच नव्हे, कलादिग्दर्शक सातोरु चुको आणि प्रकाशयोजना करणारे चोशिरो इशिईही ‘गॉडझिला’ आणि ‘उकिगुमो’ दोन्हीकडे आहेत. तोहो स्टुडिओच्या पगारी माणसांना ‘कलात्मक’ आणि ‘राक्षसपट’ असे वेगळे कप्पे परवडत नसावेत. ते कप्पे आपण नंतर पाडले.

राक्षसाचं चित्रण मात्र वेगळ्या तुकडीचं. तिचे प्रमुख एइजी त्सुबुराया, कॅमेऱ्यावर सादामासा आरिकावा, जड रबरी पोशाखात हारुओ नाकाजिमा. चित्रीकरण जास्त फ्रेम-वेगानं करायचं, म्हणजे पडद्यावर हालचाल मंदावते आणि देहाला वजन येतं. ही करामत राक्षसपटांच्या चाहत्यांना तोंडपाठ असते. तामाईचं नाव फारसं कुणी घेत नाही. पण त्या देहाची भीती ज्यांच्या डोळ्यांत दिसते, ती माणसं त्यानं टिपली आहेत. माणसांचे प्रसंग फॉरवर्ड करून फक्त तुडवातुडवी बघणाऱ्यांना (आमच्या घरात असे दोघे आहेत) अर्धा सिनेमा दिसलेलाच नाही.

‘गॉडझिला’चा दिग्दर्शक इशिरो होंडा, त्याच्या पुढच्या बऱ्याच राक्षसपटांवर कॅमेरामन म्हणून हाजिमे कोइझुमी होता. ‘मोथ्रा’ (१९६१) रंगीत, रुंद पडद्याचा, देखणा. मला आवडतो, पण त्यात भीती वाटत नाही.

उद्या तामाईचा १९६० चा ‘ओन्ना गा काइदान ओ आगारु तोकी’ बघायचाय. पुन्हा नारुसे, आणि टोकियोच्या गिंझा भागातल्या बारमध्ये काम करणाऱ्या बायका. गॉडझिलानं घड्याळाचा मनोरा पाडला तीच ही गिंझा.