हप्ता परवडतो, पण कर्ज?

आज संध्याकाळी धाकट्या बहिणीच्या गृहकर्जाचं परतफेडीचं वेळापत्रक ओळ न् ओळ वाचलं. कर्ज ५० लाख, व्याज साडेआठ टक्के, मुदत २० वर्षं. हप्ता ४३,३९१ रुपये. त्यातले पहिल्या महिन्यात व्याजापोटी जातात ३५,४१७ आणि मुद्दल फिटते फक्त ७,९७४ रुपयांनी! वीस वर्षांत एकूण भरायचे १ कोटी ४ लाख, म्हणजे व्याजच मुद्दलापेक्षा जास्त. ताई-दादांनो, घर बघताना आपण कार्पेट एरिया इंचाइंचाने मोजतो, मग ही बेरीज का नाही करत?

आणि दर फ्लोटिंग, म्हणजे मुदतीत कमी-जास्त होणारा. सुरुवातीलाच तो एक टक्क्याने वाढला आणि हप्ता तोच ठेवला, तर मुदत साडेपंचवीस वर्षांच्या पुढे जाते. मला याची खरी काळजी वाटते, कारण खात्यातून कापली जाणारी रक्कम तीच राहते आणि घरात कुणाला पत्ताही लागत नाही.

तिला एवढंच सांगितलं: बोनस आला की दरवर्षी एक हप्ता जादा भर. कर्ज तीन वर्षांहून जास्त आधी फिटेल. वैयक्तिक फ्लोटिंग गृहकर्जावर मुदतपूर्व परतफेडीचा दंड बँकेला लावता येत नाही, रिझर्व्ह बँकेचा तसा नियमच आहे.