मधपेटीत शिरलेला पतंग

मधमाशीपालन केंद्रातली रात्रीची फेरी एरवी नीरस असते. पण त्या रात्री एका पेटीतून उंदराच्या पिल्लासारखा चिरका आवाज येऊ लागला आणि मी थबकलो. मधमाश्यांना तांबडा रंग दिसत नाही, म्हणून विजेरीवर लाल कागद गुंडाळून झाकण हळूच उचलले, तर मधाच्या चौकटीवर, माश्यांच्या गर्दीतच, ॲकेरॉन्शिया स्टिक्स हा पतंग बसलेला होता.

पंख पसरल्यावर सुमारे 10 सेंटिमीटर भरेल एवढा तो मोठा होता. पुढचे पंख गर्द तपकिरी, मागचे पिवळे व त्यांवर काळे पट्टे, आणि पाठीवर ती प्रसिद्ध कवटीची फिकट खूण. मी मात्र पाहत राहिलो ती त्याची सोंड. त्याच कुळातल्या, नळीसारख्या फुलांतला मकरंद पिणाऱ्या काही पतंगांची सोंड शरीराहूनही लांब असते. याची आखूड, जाड आणि टोकदार सोंड मेणाचे टोपण भोसकून थेट मधात उतरली होती. मी काडीने हलकेच स्पर्श करताच तो पुन्हा चिरकला. हा आवाज पंखांचा नव्हे. घशात हवा ओढून ती बाहेर सोडताना तो उमटतो.

एवढ्या माश्यांत तो टिकतो कसा? त्याचा युरोप-आफ्रिकेतला भाऊबंद ॲट्रोपॉस याच्या अंगावर मधमाश्यांच्या अंगावरचीच काही स्निग्धाम्ले आढळली आहेत, त्यामुळे अंधाऱ्या पोळ्यात गंधाने त्याला परका ओळखणे माश्यांना अवघड जाते. स्टिक्सचा वावर पश्चिम आशियापासून भारतामार्गे जपानपर्यंत आहे आणि शेपटाशी शिंग असलेली त्याची अळी तिळाच्या पिकावर पोसते.

"सर, अपशकुनी आहे, मारून टाकू," असे सोबतचा सहकारी म्हणाला. मला ते मुळीच पटले नाही: कवटी ही खवल्यांच्या रंगाची रचना आहे, आणि एक पतंग नेतो तो मध वसाहतीच्या साठ्यापुढे नगण्य असतो. आम्ही त्याला अलगद उचलून बाहेर सोडले आणि दुसऱ्या दिवशी पेट्यांची दारे एवढी अरुंद केली, की माशी सहज जाईल, पण हा पतंग शिरणार नाही.