सराव नोंद: हांगझोऊचा आठवडा आणि माझा डावा पाय

२४ सप्टेंबर २०२३, रविवार

वुशूचा, म्हणजे चिनी युद्धकलेचा, सराव. गुडघा कुरकुरतोय, म्हणून उड्या बाराच. शुआनफंगजियाओ, म्हणजे हवेत गिरकी घेऊन मारायची ती वावटळी लाथ, पूर्ण फिरतेय. घोळ आहे तो उतरताना. मा-बूत, घोड्यावर बसल्यासारखं, रुतून बसायला हवं. तिथे डावा पाय अर्धं पाऊल सरकतोच. बारापैकी तीनदा जागचा हलला नाही. मागच्या रविवारी एकदाच.

तिकडे चीनमध्ये, हांगझोऊच्या आशियाई स्पर्धेतलं वुशूचं पहिलं सुवर्ण चीनच्याच सुन पेइयुआननं नेलं. चांगच्युआन, म्हणजे शस्त्राशिवायचा, लांब हालचालींचा प्रकार, ९.८४० गुण. इंचिऑन, जकार्ता आणि आता घरचं हांगझोऊ, सलग तिसऱ्या आशियाई स्पर्धेत सुवर्ण. हालचालींच्या दर्जाला ५, एकूण सादरीकरणाला ३, अवघड उड्यांना २ असे दहा गुण असतात. पडलं की ०.३ कापतात. त्याचे सगळे मिळून गेले ०.१६! म्हणजे माझं एक आपटणं त्याच्या अख्ख्या ताओलूपेक्षा, म्हणजे ठरलेल्या हालचालींच्या सादरीकरणापेक्षा, महाग.

एक गोष्ट मात्र डोक्यातून जात नाही. आपल्या चमूतल्या अरुणाचलच्या तिघी, ओनिलू तेगा, न्येमान वांग्सू आणि मेपुंग लाम्गू, यांना चीननं प्रवेशच दिला नाही. भारतानं निषेध नोंदवला, क्रीडामंत्री अनुराग ठाकूर यांनी दौरा रद्द केला. पण वर्षानुवर्षं घाम गाळून कार्पेटवर पाऊलच न पडणं... असो.

२७ सप्टेंबर, बुधवार

ऑफिसातून उशीर. फक्त स्ट्रेचिंग आणि मा-बू, दीड-दीड मिनिटाचे चार. चौथ्याला मांड्या लटलट.

आपली रोशिबिना देवी सांदाच्या, म्हणजे वुशूतल्या समोरासमोरच्या लढतीच्या, ६० किलो गटात अंतिम फेरीत! व्हिएतनामच्या खेळाडूला २-० हरवलं. जकार्तात २०१८ ला कांस्य होतं, तेव्हा रौप्य तरी पक्कं. ताओलूवाल्यांनीही सांदा बघावंच. ८० सेंटिमीटर उंच लेइताई, म्हणजे लढतीचा मंच, दोन-दोन मिनिटांच्या फेऱ्या, तीनपैकी दोन जिंकायच्या. ठोशाला एक गुण, अंगावर किंवा डोक्यावर बसलेल्या लाथेला दोन. स्वतः उभं राहून समोरच्याला पाडलं तरी दोन. एकाच फेरीत दोनदा लेइताईवरून खाली गेलात की फेरीच गेली.

२८ सप्टेंबर, गुरुवार, अनंत चतुर्दशी

रौप्य. चीनच्या वू शियाओवेईनं दोन्ही फेऱ्या घेतल्या. हळहळ वाटली, खोटं कशाला बोलू. पण आशियाई स्पर्धेत वुशूत भारताला याआधी एकच रौप्य होतं, ग्वांगझोऊत २०१० ला संध्याराणी देवीचं. तीही मणिपूरची, तीही ६० किलोचीच. मे महिन्यापासून पेटलेल्या मणिपुरात रोशिबिनाचं घर आहे, बिष्णुपूर जिल्ह्यात. तिनं पदक न येऊ शकलेल्या अरुणाचलच्या मैत्रिणींना अर्पण केलं.

संध्याकाळी सराव नाही. खाली ढोल-ताशे, गच्चीवर मिरवणूक बघायला अख्खी सोसायटी. मी कठड्यापाशी कोपऱ्यात सहा उड्या मारून घेतल्या. शेजारच्या काकू म्हणाल्या, "अरे, पडशील!" पडलो नाही, पण पाय चारदा सरकला. दर सरकण्याला ०.१ कापले धरलं तरी ०.४.

पुढचे दोन आठवडे गिरकी बंद. बुटक्या स्टुलावरून नुसती खाली उडी आणि थेट मा-बू, रोज तीस. बारा ऑक्टोबरला पुन्हा बारा उड्या मोजेन.