लॉफ्टमधल्या पाकोळ्या (छोटी वटवाघळं) आणि माझं गेलेलं वर्ष (माझा अनुभव)

इंग्लंडमध्ये लॉफ्टची, म्हणजे छपराखालच्या माळ्याची, खोली काढायचा विचार असेल तर आर्किटेक्टला पैसे द्यायच्या आधी टॉर्च घेऊन वर जा आणि लेंड्या बघा. उंदराची लेंडी कडक असते, वटवाघळाची ग्लोव्ह घालून चिमटीत धरली की भुगा होतो आणि त्यात किड्यांचे पंख चमकतात. मी सगळं उंदरांवर ढकलून मोकळा झालो होतो.

जानेवारीत प्लॅन टाकला, काउन्सिलने (इथली नगरपालिका) बॅट सर्वे, म्हणजे घरात वटवाघळं आहेत का याची तपासणी, मागितली. इथे वटवाघळांना १९८१ पासून कायद्याचं संरक्षण आहे, ती घरात नसताना त्यांची जागा मोडली तरी गुन्हा. सर्वेवाल्याला लेंड्या मिळाल्या, पण संध्याकाळची मोजणी मे ते सप्टेंबरमध्येच करतात. थांबलो. मे आणि जूनमध्ये एकेक संध्याकाळ दोन माणसं डिटेक्टर (वटवाघळांचा आपल्याला न ऐकू येणारा आवाज टिपणारं यंत्र) घेऊन मागे खुर्च्या टाकून बसली, कौलांखालून नऊ बाहेर पडल्या. आईला व्हिडिओ दाखवला तर म्हणे, "अरे ही तर पाकोळी, आपल्या माडीवर कमी होत्या का, त्यासाठी एवढे पाउंड?"

खरी रडकथा पुढे. रिपोर्ट परत आला, कारण त्यात लिहिलेलं 'पिपिस्ट्रेल, जात निश्चित नाही'. पिपिस्ट्रेल म्हणजे इथलं छोटं वटवाघूळ. आता पिपिस्ट्रेल म्हणजे पिपिस्ट्रेल ना? तर नाही. १९९० च्या दशकापर्यंत तिला एकच जात धरायचे, मग कळलं की काहींचा आवाज ४५ किलोहर्ट्झच्या आसपास असतो आणि काहींचा ५५ च्या, आणि १९९७ मध्ये डीएनएवरूनही त्या वेगळ्याच निघाल्या. ५५ वाली ती सोप्रानो, पिपिस्ट्रेलस पिग्मियस. कुठलं शास्त्रीय नाव कोणाचं हा घोळ तर २००३ पर्यंत चालला होता. दिसायला जवळजवळ जुळ्या, वजन पाच-सहा ग्रॅम, आणि आमच्या बायांनी आवाज काढला नेमका ५० ला! मधोमध!!

मी काउन्सिलला फोन केला की दोन्ही जाती संरक्षित आहेत, मग काय फरक पडतो. उत्तर, लायसन्ससाठी, म्हणजे त्यांच्या जागेला हात लावायच्या परवानगीसाठी, जातीचं नाव लागतं. आमची फाइल बघणारी बाई सुट्टीवर, मग ती आली तर फाइल दुसऱ्याकडे, तो म्हणाला पहिल्यापासून वाचतो, आणि दरवेळी तीच होल्डवरची ट्यून, अजून डोक्यातून जात नाही. शेवटी लेंड्या डीएनएसाठी लॅबला पाठवल्या, तर सॅम्पल फेल. यात चूक माझी, मी झिपलॉकमध्ये भरल्या आणि त्यांना बुरशी आली. कोरड्या, ताज्या घ्या आणि कागदात ठेवा. मग छपराच्या कडेखाली खिडकीच्या कट्ट्यावर पेपर अंथरला, रोज सकाळी चहाच्या आधी लेंड्या वेचायचो, बायको तोंड फिरवून उभी. सप्टेंबरमध्ये ईमेल आला: सोप्रानो. खरं सांगतो, बारावीच्या निकालाला एवढा आनंद झाला नव्हता. सोप्रानोला पाण्याकाठची जागा आवडते आणि आमच्या मागे नदी, मी तर जुलैपासूनच सांगत होतो, पण माझं कोण ऐकतंय.

लायसन्स नॅचरल इंग्लंडकडून (सरकारची निसर्ग संरक्षण संस्था), ते सर्वेवाल्यानेच बघितलं. काम हिवाळ्यात झालं.

आणि हो, वटवाघळांची जागा असेल तर कौलांखाली साधं ब्रीदेबल मेंब्रेन (वाफ बाहेर जाऊ देणारं नवीन प्रकारचं कापड) घालू नका, त्याचे धागे सुटतात आणि त्यात त्यांची नखं अडकतात, जुन्या पद्धतीचं डांबरी फेल्ट किंवा नखं न अडकण्याची चाचणी पास झालेलं मेंब्रेनच लागतं. हे मला कळलं तेव्हा ऑर्डर देऊन झाली होती, तीन रोल गॅरेजमध्ये पडलेत, कोणाला हवे असतील तर सांगा.