टाकीतले साठ लिटर

रबाळे एमआयडीसीतल्या आमच्या युनिटमध्ये स्क्रबरसाठी, म्हणजे वायू धुऊन काढणाऱ्या यंत्रासाठी, २० टक्क्यांचं कॉस्टिक सोड्याचं पाणी लागतं. टँकरने येणारी लाय, म्हणजे कॉस्टिकचं दाट द्रावण, असते ४८ टक्क्यांची. रात्रपाळीने ती पाण्यात सोडायची आणि सकाळी क्यूसीने (गुणवत्ता तपासणीने), म्हणजे मी, सॅम्पल पास करायचं, असा शिरस्ता. त्या सकाळी पोचले तर टाकीभोवती सगळे गोळा झालेले. लॉगबुकात नोंद होती: लाय ५००, पाणी ७००. टाकीतली पातळी मोजायचा डिप रॉड दाखवत होता ११४० लिटर. साठ लिटर माल गेला कुठे?

शिफ्टचे काका ठाम होते. "मॅडम, टाकी लीक आहे. रिकामी करून घ्या." कॉस्टिकची गळती म्हणजे खेळ नव्हे, डोळ्यात उडालं तर दृष्टी जाते. त्यांनी प्रत्येक व्हॉल्व्हखाली, फ्लँजखाली बॅटरी मारून पाहिली होती. जमीन कोरडी ठणठणीत, म्हणून त्यांचा जीव आणखीच टांगणीला लागलेला.

मी सॅम्पल घेतलं. बरोबर २ ग्रॅम तोलून पाण्यात, कॉस्टिकमध्ये गुलाबी होणाऱ्या फेनॉल्फ्थॅलिनचे दोन थेंब आणि ब्युरेटमध्ये, म्हणजे खुणांच्या नळीत, ‘एक नॉर्मल’ (1N) तीव्रतेचं हायड्रोक्लोरिक ॲसिड. या मापाला हिशोब सोपा पडतो: जितके मिली ॲसिड, त्याच्या दुप्पट टक्के. १० मिलीला गुलाबी रंग उडायला हवा होता. १० झाले, ११ झाले, फ्लास्क गुलाबीच. १२.४ ला उडाला. पुन्हा केलं, तेच. २४.८ टक्के.

लीकचा संशय मला तिथेच सोडता आला. गळून जातं त्यातही २० टक्केच कॉस्टिक असतं आणि मागे उरतं त्यातही २० टक्केच. माल घटेल, टक्का हलणार नाही.

"मग पाणी उडून गेलं असेल?" ॲप्रेंटिस मुलाने विचारलं. प्रश्न चांगला होता, म्हणून त्यालाच सोडवायला दिला. १२०० किलोत २० टक्के म्हणजे २४० किलो कॉस्टिक, ते काही उडत नाही. तेच २४० किलो २४.८ टक्के ठरायला एकूण माल ९६८ किलो हवा. झाकणबंद टाकीतून रात्रीत २३२ किलो पाणी गायब? "शक्यच नाही, मॅडम," तो स्वतःच म्हणाला. मिश्रणाचं गणित मला याचसाठी आवडतं. जे बदलत नाही ते घट्ट धरलं की बाकीचं त्याच्या मागून येतं.

मग फॉर्म्युला शीट मागवली. जुन्या शीटची झेरॉक्स. आकडे चोख होते: ४८ आणि २० मध्ये फरक २८, २० आणि शून्यात २०; फरकांची अदलाबदल करायची, म्हणून लाय २० भाग, पाणी २८ भाग, म्हणजेच ५ ला ७. पण आकड्यांपुढे किलो की लिटर, ते छापलेलंच नव्हतं. रात्री मोजटाकीच्या लिटरच्या खुणा बघून दोन्ही सोडलं होतं. पाण्याचा लिटर किलोभर, पण या लायचा लिटर दीड किलो भरतो. ५०० लिटर म्हणजे ७५० किलो, त्यात कॉस्टिक ३६०. एकूण माल १४५० किलो. भागून बघा, २४.८ येतात.

आणि ते साठ लिटर? किलोंची बेरीज होते, लिटरची होत नाही. लाय आणि पाणी मिसळलं की आकसतं. घनता मोजणारा हायड्रोमीटर १.२७ दाखवत होता, म्हणजे लिटरला १.२७ किलो. १४५० भागिले १.२७, ११४० च्या आसपास. काकांनी वही ओढून भागाकार स्वतः करून पाहिला, मगच बॅटरी खिशात घातली.

आता दुरुस्ती. इतकं दाट कॉस्टिक स्क्रबरला दिलं तर आत मीठ धरतं आणि नोझल चोक होतात. काका म्हणाले, "पाच टक्के जास्त आहे ना, पाच टक्के पाणी वाढवू." म्हणजे सत्तर-बहात्तर लिटर. बहुतेकांना असंच सुचतं, पण त्याने टक्का जेमतेम २३.७ वर आला असता. ३६० किलो हे २० टक्के व्हायला एकूण १८०० किलो हवेत. म्हणून ३५० लिटर पाणी, ॲजिटेटर (टाकीतली ढवळणी) चालू ठेवून, सावकाश.

या वेळी ब्युरेट १० वर थांबली. काकांनी रॉड हातात घेतला आणि मुलाला म्हणाले, "आधी सांग, किती यायला पाहिजे?"

"२० टक्क्यांची घनता १.२२. १८०० भागिले १.२२. १४७५."

रॉड १४८० पर्यंत ओला निघाला.

"आता हे पाच लिटर कुठून आले?"

मुलाने टाकीच्या अंगाला ग्लोव्हजमधला हात लावून पाहिला. "कोमट आहे अजून, काका. निवली की परत टाकू रॉड."